न्युरेम्बर्गमध्ये आई-बाबांसोबत दोन तासांची गाइडेड वॉकिंग टूर: कोणती घ्यावी, कुठून सुरू करावी?

प्रतापनगरवाली

नमस्कार मंडळी. ऑक्टोबरच्या पहिल्या आठवड्यात आई-बाबांना घेऊन जर्मनीला जातेय. मुक्काम म्युनिकला, त्यातला एक दिवस न्युरेम्बर्गसाठी ठेवलाय. सकाळी ट्रेननं जायचं, रात्री परत. सगळं शहर पालथं घालायचा हट्ट नाही. जुन्या शहरात गाइडसोबत दोनेक तास फिरायचं आणि मग निवांत जेवायचं, एवढाच बेत.

बाबा ७१ वर्षांचे, अँजिओप्लास्टी झालेली. सपाटीवर तासभर आरामात चालतात, चढावर दम लागतो. आई ६६ वर्षांची, तिचं उलटं: दम चांगला, पण गुडघे कुरकुरतात. आई शुद्ध शाकाहारी, अंडंही चालत नाही. इंग्रजी बाबांना नीट कळतं, आईला कामापुरतं.

नेटवर 'फ्री टूर' दिसतात, तिकिटाच्या दिसतात आणि खाजगी गाइडही दिसतात. फरक नक्की काय? किल्ल्याचा चढ कितपत आहे? आणि कुठला वार टाळावा?

नकाशे_आणि_नोंदी

ताई, आधी एक गोष्ट सांगतो, जी कुठल्याच जाहिरातीत नसते. दोन तासांच्या टूरमध्ये प्रत्यक्ष चालणं जेमतेम दीड-दोन किलोमीटर होतं. उरलेला सगळा वेळ उभं राहायचं असतं. गाइड आठ-दहा ठिकाणी थांबतो आणि दर ठिकाणी पाच ते दहा मिनिटं बोलतो. दुखऱ्या गुडघ्यांना चालण्यापेक्षा हे एका जागी ताटकळणं जास्त जड जातं. म्हणून टूर निवडताना "किती किलोमीटर?" असं विचारू नका, "थांबे किती, आणि बसायला कुठे मिळेल?" असं विचारा. आईंसाठी घडीचं हलकं स्टूल न्या. तिकडे त्याकडे कोणी वळूनही बघत नाही.

आता प्रकार. फ्री टूर म्हणजे फुकट नव्हे. शेवटी टिप द्यायची असते आणि गाइडची कमाई तीच. सुरुवातीला गाइड सगळ्यांचा हसरा फोटो काढतो, तो बहुतेक वेळा डोकी मोजण्यासाठी असतो. बऱ्याच ठिकाणी चालवणारी कंपनी गाइडकडून माणशी ठरावीक रक्कम कापून घेते. म्हणजे तुम्ही काही न देता निघालात तर त्याला पदरचे भरावे लागतात. माणशी दहा युरोच्या आसपास देणं रास्त, आणि सुटे रोख जवळ हवेत. गट पंचवीस-तीसचाही होतो, मागच्याला अर्धं ऐकू येत नाही आणि गाइड कोणासाठी थांबत नाही. तरुण पोरांना ठीक आहे, तुमच्या आई-बाबांसाठी मी सुचवणार नाही.

तिकिटाची सार्वजनिक टूर पर्यटन कार्यालयाकडे मिळते. त्यांचं कार्यालय हाउप्टमार्क्ट या मुख्य चौकातच, १८ नंबरला आहे. इंग्रजी टूरच्या वेळा हंगामाप्रमाणे बदलतात, त्यामुळे तारीख टाकूनच बुक करा. 'गेशिश्टे फ्युर आले' या इतिहासवाल्या संस्थेच्या टूरही आहेत. त्यांचा भर राजे-महाराजांपेक्षा शहराच्या इतिहासावर असतो, नाझी काळावरच्या टूर तर खास त्यांच्याकडूनच घ्याव्यात. बुक करताना कानाला लावायची गाइड सिस्टीम आहे का तेही विचारा. बाबांना फार उपयोग होईल.

खाजगी गाइडचा दर माणशी नसतो, अख्ख्या गटाचा एकच असतो. दोन तासांचे साधारण शंभर-दीडशे युरो किंवा जास्त. तिघांना महाग वाटेल, पण सुरुवात कुठून करायची, किती थांबायचं, कुठे बसायचं हे सगळं तुमच्या हातात येतं. जर्मनीत गाइड म्हणवून घ्यायला परवाना लागत नाही, कोणीही पाटी लावू शकतं. म्हणून प्रशिक्षण कुठलं ते विचारायला लाजू नका. युरोपीय मानकानुसार शिकलेल्या गाइडच्या किमान ६०० तासिका झालेल्या असतात.

आणि वेळ. अकराची टूर अकराला निघते. "पाचच मिनिटांत पोचतो" असा फोन करून उपयोग नाही. गाइडचा मोबाइल बंद असतो, कारण तो बोलत असतो.

वर्धा_रोडवरून

मी चढाचं सांगतो. न्युरेम्बर्गचं जुनं शहर पेग्निट्झ नदीनं दोन भागांत कापलंय. स्टेशन दक्षिणेला, किल्ला पार उत्तर टोकाला, रेतीखडकाच्या उंचवट्यावर. स्टेशनापासून कोनिगस्ट्रासनं लोरेन्झ चर्च, पूल ओलांडून हाउप्टमार्क्ट, इथपर्यंत एक किलोमीटर, सगळं जवळपास सपाट. खरा चढ हाउप्टमार्क्टच्या पुढे लागते. उंची चाळीस-पन्नास मीटरच, रामटेकच्या पायऱ्यांपुढे काहीच नाही बाप्पा. पण शेवटचा तुकडा उभा आहे अन् सगळा दगडगोट्यांचा. पाऊस पडला की ते दगड साबणासारखे होतात. गुळगुळीत तळव्याचे बूट अन् चपला घरीच ठेवा.

नेहमीच्या टूर खालून वर जातात अन् किल्ल्यावर सोडून देतात. बाबांसाठी हे चूक. उलटं करा ना: स्टेशनावरून मेट्रोनं प्लेरर, तिथून ४ नंबरची ट्राम पकडून टियरगेर्टनरटोर, म्हणजे किल्ल्याजवळची जुनी वेस. ट्रामच तुम्हाला वर नेऊन सोडते. मग गाइडला तिथं बोलवा अन् उताराउतारानं खाली या.

दगडविटा

वर्धा रोड, तुमचा उपाय बाबांसाठी बरोबर, आईंसाठी नाही. दुखऱ्या गुडघ्यांना चढापेक्षा उतार जास्त त्रास देतो, त्यात दगडगोटे. एकाचा दम वाचवायचा आणि दुसरीचे गुडघे घालवायचे, असं नको.

मधला मार्ग आहे. ट्रामनं टियरगेर्टनरटोरला उतरा, वेशीतून आत आलं की समोरच मोकळा चौक लागतो. चित्रकार ड्यूररचं घर तिथेच, बसायला कॅफे आहेत. दीडशे-दोनशे मीटर खाली वाइसगेर्बरगास, म्हणजे जुन्या चर्मकारांची गल्ली. लाकडी चौकटींची मूळ घरं सलग पाहायची तर इथेच. हा भाग गाइडसोबत करा. किल्ल्याचा माथा ऐच्छिक ठेवा. बाबांना दम आणि इच्छा असेल तर टप्प्याटप्प्यानं, थांबत जाऊन यावं, तोवर आई चौकात कॉफी घेत बसतील. खाली हाउप्टमार्क्टला जाताना आईंना आधाराची काठी द्या आणि झेबाल्डुस चर्चमध्ये शिरून दहा मिनिटं बाकावर बसवा. फारच दुखलं तर किल्ल्याच्या पायथ्याशी बुर्गस्ट्रासचा थांबा आहे, ३६ नंबरची बस तिथून हाउप्टमार्क्टला येते.

किल्ल्याबद्दल आणखी थोडं. बाहेरची आवारं फुकट, तिकीट आतल्या महालाला, विहिरीला आणि झिनवेल बुरुजाला. बुरुजाच्या पायऱ्या दोघांनीही टाळाव्यात. विहीर मात्र चुकवू नका. साधारण ५० मीटर खोल, खडकात खोदलेली. तिथला कर्मचारी पाणी ओततो आणि ते खाली आदळल्याचा आवाज यायला लागणारा वेळ सगळे श्वास रोखून मोजतात. ऑक्टोबर लागला की सुरुवातीच्या दिवसांतच किल्ल्याच्या वेळा हिवाळ्याच्या होतात, दुपारी ४ ला बंद. तारीख नीट पाहून घ्या, नाहीतर साडेतीनला वर पोचून पाटी वाचत परतावं लागेल.

बर्डी_ते_बव्हेरिया

ट्रेनचं कोणी बोललं नाही म्हणून लिहितो, कारण टूर हुकायचं पहिलं कारण तेच.

म्युनिक ते न्युरेम्बर्ग आयसीई ही वेगवान गाडी साधारण तासा-सव्वा तासात पोचवते. प्रादेशिक एक्सप्रेस इंगोलश्टाटमार्गे पावणेदोन तास घेते. स्वस्त पर्याय म्हणजे बायर्न-टिकेट, बव्हेरिया राज्यापुरतं तिकीट: एका तिकिटावर पाच जणांपर्यंत दिवसभर प्रवास, न्युरेम्बर्गची मेट्रो, ट्राम, बस त्यातच धरून. मात्र आयसीईत चालत नाही आणि कामाच्या दिवशी सकाळी ९ नंतरच चालू होतं. नऊच्या पुढची गाडी धरली की न्युरेम्बर्गला पोचेस्तोवर अकरा वाजतात. लोक तिकीट हे काढतात आणि टूर साडेदहाची बुक करतात. मग एकतर ९ च्या आधीच्या गाडीत दंड, नाहीतर टूरवर पाणी. शनिवार-रविवारी आणि बव्हेरियातल्या सुट्टीच्या दिवशी ते मध्यरात्रीपासून चालतं. तिकिटावर प्रवाशांची नावं लिहावी लागतात, पासपोर्ट जवळ असू द्या.

आयसीईचं स्वस्त तिकीट घेतलं तर ते त्याच गाडीला बांधलेलं असतं. आणि जर्मन रेल्वे म्हणजे घड्याळाचा काटा ही समजूत आता सोडा. २०२४ मध्ये लांब पल्ल्याच्या जेमतेम ६२ टक्के गाड्या वेळेवर होत्या, आणि सहा मिनिटांपर्यंतचा उशीर तिथे उशीर धरतच नाहीत. गाडी पोचण्याची वेळ आणि टूरची वेळ यांत किमान एक तास ठेवा.

वाराचं सांगतो. ३ ऑक्टोबरला जर्मन एकीकरणाची राष्ट्रीय सुट्टी, दुकानं बंद. रविवारीही दुकानं बंद, शिवाय सकाळी चर्चमध्ये प्रार्थना असते, तेव्हा टूरचा गट आत घेत नाहीत. ऑक्टोबरात सोमवारी ड्यूररचं घर आणि जर्मानिशेस राष्ट्रीय संग्रहालय बंद. मंगळवारी नाझी पुढाऱ्यांवरच्या न्युरेम्बर्ग खटल्यांचं स्मारक बंद. म्हणजे उरले बुधवार ते शनिवार. त्यातला निवडा.

प्रतापनगरवाली

बाप रे, चढ-उताराचं हे गणित माझ्या डोक्यातच आलं नव्हतं. मग खाजगी गाइडच घेते, टियरगेर्टनरटोरपासून. बुधवार पक्का.

आता दोन शंका. हाउप्टमार्क्टच्या घड्याळातल्या बाहुल्या १२ वाजता फिरतात म्हणे, ते या वेळेत कसं बसवायचं? आणि गाइडला नक्की काय विचारावं? नाहीतर "हे १४ व्या शतकातलं, ते १५ व्या शतकातलं" यातच दोन तास निघून जातात.

दगडविटा

घड्याळ रोज दुपारी १२ ला, एकदाच. फ्राउएनकिर्शे या चर्चच्या दर्शनी भागावर सम्राट चौथा कार्ल बसलेला दिसतो आणि सात इलेक्टर, म्हणजे राजा निवडण्याचा अधिकार असलेले सात जण, त्याच्याभोवती तीन फेऱ्या मारतात. १३५६ च्या 'गोल्डन बुल' फर्मानानं हा अधिकार लेखी झाला आणि नव्या राजानं पहिली सभा न्युरेम्बर्गला भरवावी असंही त्यात ठरलं. घड्याळ १५०९ चं. पावणेबाराला चौकात असा, चर्चच्या अगदी खाली उभं राहिलात तर मान मोडते आणि काही दिसतही नाही. थोडं मागे, कारंज्याच्या बाजूला उभे राहा. त्यासाठी गाइडला साडेदहाला टियरगेर्टनरटोरला भेटायचं आणि बाबांची किल्ल्यावरची फेरी टूरनंतर, दुपारी, असं ठरवा. गाडी मात्र आयसीईच लागेल आणि ती साडेनवाच्या आत पोचणारी हवी.

आता प्रश्न. पहिला हाच विचारा: "आम्ही बघतोय त्यातलं खरोखर जुनं किती?" २ जानेवारी १९४५ च्या बॉम्बहल्ल्यात जुन्या शहराचा सुमारे ९० टक्के भाग कोसळला. युद्धानंतर रस्त्यांची जुनी आखणी ठेवली, छपरांचे उतार आणि दगडाचा रंग जपला, पण घरं नवी बांधली. झेबाल्डुस चर्चमध्ये खांबांपाशी पडझडीचे फोटो लावलेत. गाइडनं ते दाखवले तर माणूस कामाचा समजा. नुसतं "किती सुंदर मध्ययुगीन शहर" म्हणत राहिला तर तुम्हीच विषय काढा.

दुसरा प्रश्न हाउप्टमार्क्टवरच: हा चौक इथे का आहे? इथे ज्यूंची वस्ती होती. १३४९ मध्ये ती उद्ध्वस्त करून मोकळी जागा केली. ५६२ माणसं मारली गेली आणि हे सगळं त्याच चौथ्या कार्लच्या परवानगीनं. ज्या चर्चवर तो बाहुल्यांच्या गराड्यात बसलाय, ते ज्यूंच्या सिनेगॉगच्या, म्हणजे प्रार्थनास्थळाच्या, जागी उभं आहे. घड्याळाची मौज दाखवून एवढंच गाळणारे गाइड असतात.

शेजारचं कारंजं, शोनर ब्रुनेन, साधारण १९ मीटर उंच. आज दिसतं ती प्रतिकृती आहे, मूळ तुकडे राष्ट्रीय संग्रहालयात. जाळीतली पिवळी कडी फिरवून इच्छा मागायला पर्यटकांची रांग लागते. स्थानिक म्हणतात ती कडी पाहुण्यांची, खरी लोखंडी कडी दुसऱ्या बाजूला. आई दोन्ही फिरवतील, वाद कशाला.

पूल ओलांडून लोरेन्झ चर्चमध्ये शिरलात तर छतापासून टांगलेलं शिल्पकार फाइट श्टोसचं लाकूडकाम (१५१७-१८) आणि आदाम क्राफ्टचा सुमारे २० मीटरचा दगडी मनोरा पाहा. तो मनोरा खांद्यावर पेलणाऱ्या बैठ्या आकृतीत क्राफ्टनं स्वतःलाच कोरलंय, हातात हत्यार धरून. बहुतेकजण वर बघत निघून जातात आणि खालचा कारागीर राहून जातो.

वर्धा_रोडवरून

जमिनीखालचे बिअरचे तळघर सुचवणारे भेटतील तिकडे. खडकात खोदलेले, १३८० च्या फर्मानापासूनचे. पाहायला भारी आहेत, पण आत वर्षभर ८ ते १२ अंश थंडी, पायऱ्या अन् सव्वा तास उभं राहणं. आईंना नको. बाहेरही ऑक्टोबरात सकाळी ६-७ अंश, दुपारी १५ च्या आसपास. आपल्या नागपुरात तेव्हा ऑक्टोबर हीट चालू असते, त्यामुळे बॅगेत जाकीट टाकायचं सुचत नाही. एकावर एक घालता येतील असे कपडे घ्या. छत्रीपेक्षा टोपीचं रेनकोट बरं, एक हात मोकळा राहते.

साबुदाणा_एक्सप्रेस

खाण्याचं मी घेते. न्युरेम्बर्गची ओळख म्हणजे बोटाएवढी सॉसेज, ७ ते ९ सेंटिमीटरची, डुकराच्या मांसाची. पावात तीन घालून चौकाचौकात विकतात. बाबा खात असतील तर ठीक. आईंसाठी नुसतं "वेजिटारिश" म्हणून भागणार नाही, तिथल्या शाकाहारात अंडं असतं. थेट "वेगान" मागा, म्हणजे अंडं आपोआप गेलं. दूध-चीज हवं असेल तर "ओने आय", म्हणजे अंड्याशिवाय, असं सांगा.

फसगत कुठे होते ते बघा. कझेश्पेट्सले नावाचा चीजचा प्रकार शाकाहारी म्हणून पुढे येतो, पण त्याच्या पिठात अंडं असतं. बटाट्याचा मोठा गोळा, क्लोस, चालेलही, पण त्यावरची तपकिरी ग्रेव्ही मांसाची असते. भाजीचं सूप मांसाच्या पाण्यात केलेलं असू शकतं. बटाट्याच्या थालीपिठासारख्या पुफरमध्येही बहुधा अंडं. लेबकुखेन हा इथला मसालेदार गोड प्रकार. त्यातल्या उत्तम 'एलिझेन' जातीत किमान २५ टक्के सुकामेवा आणि पीठ १० टक्क्यांहून जास्त नाही, पण बांधणी अंड्याची. वेगान लेबकुखेनही मिळतात, पाकीट वाचून घ्या. सुरक्षित म्हणजे ब्रेझेल हा गाठीचा पाव, भाजलेला बटाटा, सॅलड, आणि स्टेशनाच्या आसपासची भारतीय किंवा अरबी हॉटेलं, जिथे फलाफल मिळतं. डबा नेलात तर चौकातल्या बाकावर खुशाल खा.

हॉटेलात पाणी फुकट येत नाही, बाटलीचे पैसे पडतात. स्वतःची बाटली भरून न्या. दुकानातून प्लास्टिकची बाटली घेतलीत तर बहुतेकांवर २५ सेंट अनामत असते, रिकामी बाटली सुपरमार्केटच्या यंत्रात टाकली की परत मिळते. स्वच्छतागृहाला पन्नास सेंट ते एक युरो, नाणी वेगळी ठेवा. टूर सुरू व्हायच्या आधी जाऊन या. मध्येच कुणाला जायचं झालं की वीस मिनिटं जातात.

प्रतापनगरवाली

सगळं टिपून घेतलं. एक शेवटचं: आईला इंग्रजी भरभर कळत नाही. गाइड हिंदी बोलणारा मिळेल का?

नकाशे_आणि_नोंदी

त्याच्या मागे लागू नका. हिंदीत बोलणारा म्हणून इतिहास कच्चा असलेला कुणीतरी गळ्यात पडेल. बुक करतानाच लिहा: हळू बोला, छोटी वाक्यं, दर थांब्यावर दोन मिनिटं आम्हाला आपसांत बोलायला द्या. चांगला गाइड आनंदानं मानतो. आदल्या दिवशी तुम्ही आईंना तीन नावं मराठीत समजावून ठेवा: चौथा कार्ल, चित्रकार ड्यूरर (१४७१ ते १५२८, त्या घरात १५०९ पासून) आणि १९४५ चा बॉम्बहल्ला. या तीन खुंट्यांवर बाकीचं सगळं टांगता येतं. भेटायची जागा मात्र नुसतं "टियरगेर्टनरटोर" लिहू नका. ट्रामचा थांबा वेशीच्या बाहेर आहे, चौक आत. "वेशीच्या आत, ड्यूररच्या घराच्या दारासमोर" असं लिहून कळवा आणि गाइडचा नंबर व्हॉट्सॲपवर आधीच घेऊन ठेवा.